चार नंबरचा होकार

प्रिय दादा,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू आधी हसला असशील. फोन हाताशी असताना पत्र कशाला, हिचं वय झालं की काय, असं वहिनीला ऐकवूनही झालं असेल. घशाला विश्रांती द्यायला सांगितलंय तरी तुझ्या तोंडाचा पट्टा थांबायचा नाही, हे मला ठाऊक आहे. तर आता चष्मा लाव, खिडकीजवळच्या खुर्चीत बस आणि हे पत्र स्वतः वाच. वहिनीला मोठ्याने वाचायला लावू नकोस. एक तर तिला ते वाचवणार नाही, आणि दुसरं म्हणजे दर ओळीनंतर तू काहीतरी बोलशील. पत्राचा फायदा एवढाच की ते संपेपर्यंत समोरच्याला मधे तोंड घालता येत नाही. मला जन्मभर हीच सोय हवी होती.

परवा दुपारी वहिनीचा फोन आला तेव्हा मी तालमीला निघाले होते, एक बूट पायात आणि एक हातात. तिने आधी हवेची चौकशी केली, मग माझ्या गुडघ्याची, मग नळाला पाणी कमी येतं म्हणाली, आणि मग एकदम रडायला लागली. तेव्हा कळलं. गाठ परत आलीय. किरणांचे ते सगळे हेलपाटे फुकट गेले. आता स्वरयंत्र काढून टाकणं हा एकच मार्ग उरलाय, आणि तू सर्जनबाईंच्या तोंडावर ‘नाही’ म्हणून घरी आलास. वहिनीने म्हणे तुला समजावलं, ‘शिर सलामत तर पगडी पचास.’ त्यावर तू म्हणालास, ‘शिर सलामतच राहणार गं, पंचाईत गळ्याची आहे.’ हे सांगताना ती रडता रडता हसली, आणि मग हसल्याबद्दल जास्त रडली. तुझं पुढचं वाक्यही तिने सांगितलं. मुका होऊन जगण्यापेक्षा बोलत बोलत जाईन. वाक्य छान आहे. तुझी सगळीच वाक्यं छान असतात, त्याचाच तर मला राग येतो.

त्याबद्दल बोलायचंय, पण मला थेट तिथे पोचता येत नाहीये. सगळी नोकरी मी कॅमेरावाल्यांच्या कानात ‘आता!’ असं ओरडण्यावर केली आणि स्वतःच्या भावाला एक गोष्ट विचारायची तर पानं भरतायत. तू आधी इकडची खबर ऐक.

वार्षिक संगीत सभेची तालीम सुरू झालीय. हे माझं शेवटचं थेट प्रक्षेपण असेल असं मला अजून कुणी सांगितलेलं नाही, पण माझ्या खुर्चीमागे एक तरुण बाई वही घेऊन बसते आणि मी काय करते ते बघते. चांगली आहे, हुशार आहे, मला सारखं ‘तुम्हाला पाणी हवंय का’ विचारते. माणसाला निरोप द्यायचा ठरला की सगळे त्याला पाणी का विचारतात कोण जाणे. नियंत्रण कक्षातल्या त्या जुन्या पडद्यांच्या जागी एकच मोठा पडदा आलाय, त्यात सगळ्या कॅमेऱ्यांच्या चौकटी. खुर्च्या नव्या आहेत आणि पाठ दुखते ती जुनीच.

आणि तुझ्या जागी, चार नंबरच्या कॅमेऱ्यामागे, आता माणूस नाही. मंचाच्या पुढे, वादकांच्या पायाशी जिथे तू पाय दुमडून बसायचास, तिथे आता छोटे रूळ टाकलेत. त्यावर एक यंत्र सरकतं, डोक्यावर कॅमेरा. चालवणारा पोरगा शेजारच्या खोलीत बसतो, हातात खेळण्यासारखी दांडी घेऊन. तालमीत मी सवयीने विचारलं, ‘चार, बासरीवाल्याच्या मागे खांब येतोय का?’ आणि तुझ्या चौकटीकडे बघत बसले. चौकट हलली नाही. तेवढ्यात माझ्या कानात एक गोड आवाज आला, ‘नाही मॅडम, खांब दिसत नाहीये.’ दादा, मी खुर्चीत दचकले. चार नंबर बोलला होता. इतक्या वर्षांत पहिल्यांदा चार नंबर तोंडाने बोलला, आणि मला ते अजिबात आवडलं नाही.

त्या पोराला मी नंतर चहा पाजून सगळं समजावलं. म्हटलं, तू बंद खोलीत आहेस, तुला बोलायची चैन आहे. पूर्वी कॅमेरावाले सभागृहात असायचे, अवतीभवती सगळीकडे ध्वनिग्राहक, बाजूला व्हायोलिनवाला श्वास घेतोय. तिथे साधं ‘हो’ म्हटलं तरी ते देशभर ऐकू जायचं. म्हणून बोलायचं फक्त दिग्दर्शकाने. तेही असं विचारायचं की उत्तर हो किंवा नाही यातच देता येईल. होय असेल तर कॅमेरा हळूच वर-खाली करायचा, नाही असेल तर डावी-उजवीकडे. चौकटीने मान हलवायची. आणि तेसुद्धा कॅमेऱ्यावरचा लाल दिवा बंद असेल तेव्हाच, कारण दिवा लागलेला असला की तुझं चित्र लोकांच्या घरात गेलेलं असतं, तेव्हा मान हलवलीस तर लाखो माणसांना वाटेल भूकंप झाला. पोरगा खूप हसला. त्याला ती एक गमतीची जुनी गोष्ट वाटली. वाटू दे. त्याच्या वयात मलाही जुन्या माणसांचं सगळं गमतीचंच वाटायचं.

त्याला मी सगळं कुठे सांगितलं! चौकटीने तू हो आणि नाही एवढंच बोलत नव्हतास. माझं भाषण लांबलं की तुझा कॅमेरा निमूटपणे भिंतीवरच्या घड्याळाकडे वळायचा. जेवणाची सुट्टी विसरले की उपाहारगृहाच्या दारावर जाऊन थांबायचा आणि तिथून हलायचा नाही. निर्मात्याचा साहेब पाहुण्यांना घेऊन मागे उभा राहिला, मी गोड गोड बोलायला लागले, की तुझ्या चौकटीत हळूहळू एक रिकामी खुर्ची मोठी होत जायची, म्हणजे ‘हे सगळं खुर्चीसाठी चाललंय’ हे मला एकटीलाच कळायचं. हसू आलं की चित्र बारीक थरथरायचं. रागावलास की चित्र इतकं स्थिर व्हायचं की मला भीती वाटायची. बटणं दाबणारा माझ्याकडे बघून म्हणायचा, ‘मॅडम, चार नंबर आज बराच बोलतोय.’ तोंडात जीभ असून नसल्यासारखी, आणि तरी तू मला टोमणे मारायचास.

आणि कार्यक्रम संपला, कानावरचा हेडफोन उतरला, की तू सुटायचास. सगळं साठलेलं एकदम. कोण बेसूर होतं, कुणाच्या कोटाला चिकटपट्टी होती, गायिकेने पाणी प्यायचं सोडून फुलदाणी कशी उचलली. सामान गुंडाळणारे पोरगे काम सोडून ऐकत बसायचे. घरी वहिनी म्हणायची, कामावर मुका आणि घरात रेडिओ, मला हा मुका का नाही मिळाला! आई तर तू लहान असल्यापासून म्हणायची की याच्या तोंडाला कुणी टाळं लावेल त्याला मी माझी शिलाईची मशीन बक्षीस देईन. त्या किल्ल्यावाल्याच्या दुकानावरच्या दोन खोल्या आठवतात ना? आई मशीनवर, मी जिन्याच्या पायऱ्या मोजत, आणि तू गॅलरीत उभा राहून रस्त्यावर जे चाललंय ते सगळ्या बिल्डिंगला ओरडून सांगतोयस. मी दिसेल ते मोजायची म्हणून तू मला मोजणीबाई म्हणायला लागलास, ते अजून सुटलेलं नाही. आईच्या त्या टाळ्याची आठवण परवापासून सारखी येतेय. ती असती तर आपली जीभ चावली असती.

त्या मोजण्यावरच मला काम मिळालं, तेही तुझ्या बडबडीमुळे. तू नुकता कॅमेऱ्यावर लागला होतास आणि जुन्या साहेबांना एक माणूस हवा होता, जो स्वरलिपी समोर ठेवून संगीताबरोबर मात्रा मोजेल, पुढचं वाद्य कधी सुरू होणार ते आधी सांगेल. तू म्हणालास, ‘माझी बहीण झोपेतसुद्धा मोजते.’ स्वरलिपी मला जेमतेम वाचता यायची. तू उचलली जीभ लावली टाळ्याला, आणि मी आठवडाभर शेजारच्या पेटीवाल्या मास्तरांचं डोकं खाल्लं. मोजता मोजता कधी साहेबांच्या शेजारी बसले, कधी साहेबांच्या खुर्चीत बसले, मलाही नीट सांगता येत नाही. खुर्चीतला पहिला दिवस मात्र नीट आठवतो. मुलांचा समूहगायनाचा कार्यक्रम होता, थेट. पहिल्याच गाण्यात मी सगळ्यांच्या कानात म्हणाले, ‘दादा, जरा डावीकडे सरकतोस का?’ सगळे कॅमेरे एकदम थरथरले. सहाही माणसं हसत होती, आणि एकालाही आवाज करायची परवानगी नव्हती.

त्या दिवशी संपल्यावर तू मला व्हॅनच्या मागे नेलंस. मला वाटलं पाठ थोपटशील. तू म्हणालास, ‘तिथे मला दादा म्हणायचं नाही. दादाला हुकूम सोडता येत नाही, विनंती करावी लागते. विनंतीला वेळ लागतो आणि तेवढ्यात ढोलवाला वाजवून मोकळा होतो. मला चार म्हण.’ मी म्हटलं मला जड जाईल. तू म्हणालास, ‘मला नाही जाणार. घरी तुझे कान ओढायला मी आहेच.’ त्यानंतर मी तुला कामावर कधी दादा म्हटलं नाही. एकदा वगळून. त्याकडे येतेच.

भांडलोही आपण. ती थोराड गायिका गाता गाता रडली, मी ओरडत होते, ‘चार, चेहरा, चेहरा घे,’ आणि तुझी चौकट डावी-उजवी, डावी-उजवी. तू तिच्या मुठीवरून हललाच नाहीस. मी शेवटी दोन नंबरच्या कॅमेऱ्यातला चेहरा घेतला, अर्धा खांबाआड. बाहेर आल्यावर आपण रस्त्यात उभं राहून भांडलो, लोक थांबून बघायला लागले. तू म्हणालास, रडणाऱ्याला थोडा आडोसा द्यावा. मी म्हणाले, आडोसा हवा असेल तर तिने घरी रडावं. आजही मला वाटतं माझंच बरोबर होतं. पण तुझं वाक्यच जास्त लोकांना आठवतं, याला काय म्हणायचं.

आता आईचा दिवस.

दुपारची सभा होती, बाहेर स्वच्छ ऊन. आई दवाखान्यात, वहिनी तिच्याजवळ. आपण दोघंही यायला नको होतं, पण आईनेच जा म्हणून हाकललं होतं, तुमचं दोघांचं बघते मी इथल्या टीव्हीवर, म्हणाली. मध्यंतरात मंचाची व्यवस्था बघणाऱ्या बाईंनी मला हेडफोनवर सांगितलं की चार नंबरला कुणीतरी चिठ्ठी आणून दिली आणि त्याचा चेहरा उतरलाय, बदली माणूस पाठवू का. मी पडद्याकडे बघितलं. तुझ्या चौकटीत रिकामा मंच होता, वाद्यं खुर्च्यांवर टेकवलेली, आणि तेच चित्र त्या वेळी प्रक्षेपणावर चालू होतं. तुझा लाल दिवा लागलेला होता. चित्र इतकं स्थिर होतं की मला कळलं. तरीही विचारावं लागतंच ना. मी म्हणाले, ‘दादा, आई?’ सगळ्या कॅमेऱ्यांनी ऐकलं. तू हलला नाहीस. हलणार कसा? दिवा लागलेला. लोकांच्या घरात तो रिकामा मंच दिसत होता, आणि तू तो त्यांच्यासाठी धरून ठेवला होतास. तेव्हा मी बटणवाल्याला म्हणाले, दोनवर जा. तो गेला. तुझा दिवा विझला.

मग तुझी चौकट खाली गेली, मंचाच्या फळ्यांपर्यंत, आणि हळूहळू परत वर आली.

एकदाच. पण मला दुसऱ्यांदा लागलंच नाही. मी विचारलं, ‘जायचंय का तुला?’ डावी-उजवी. मी विचारलं, ‘उत्तरार्ध करू या?’ वर-खाली. मग घंटा झाली, वादक येऊन बसले, आणि मी मात्रा मोजायला लागले. त्या उत्तरार्धात मी तुझ्यावर ठरल्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ थांबले. निर्माता नंतर कुरकुरला की चेलोवाल्याचे हातच किती वेळ दाखवले. मला ते हात बघायचे नव्हते. तुझा दिवा लागलेला असला की तू तिथे आहेस एवढं मला कळत होतं, म्हणून मी तुला सोडत नव्हते.

दादा, माझ्या आयुष्यातली सगळ्यात मोठी बातमी तू मला सांगितलीस ती तोंडातून एक शब्द न काढता. नंतर घरी आपण आईबद्दल पुष्कळ बोललो, तू तर चार माणसांचं एकटा बोललास, आल्यागेल्यांना हसवलंसही. त्यातलं मला काहीही आठवत नाही. ती चौकट आठवते.

मला माहीत आहे तू आता काय म्हणशील. हो-नाही ठीक आहे, पण माणूस हो-नाहीवर जगत नाही. बरोबर आहे. म्हणून मी काल एका माणसाला भेटून आले. सर्जनबाईंना फोन करून त्यांच्याकडूनच पत्ता घेतला, त्यांनी त्याला विचारून दिला. गणिताचे मास्तर आहेत, तुला सांगितलंय तेच ऑपरेशन झालेले. तू मला नेहमी सांगायचास, चित्र सजवू नकोस, आहे ते दाखव. तर आहे ते सांगते. गळ्याला खाली एक भोक असतं, श्वास तिथून. त्यावर ते एक मऊ पांढरा रुमाल बांधतात. गळ्याला एक छोटं यंत्र टेकवून बोलतात, आवाज डब्यातल्या माशीसारखा येतो, आणि सगळी वाक्यं एकाच सुरात, त्यामुळे विनोद आहे की तक्रार ते चेहरा बघून ओळखावं लागतं. वास फारसा येत नाही. आंघोळ जपून करावी लागते. चहा गरम असला तर फुंकता येत नाही, कारण तोंडात वाराच नसतो. त्यांच्या बायकोने माझ्यासमोर त्यांचा कप उचलून फुंकला आणि त्यांच्या पुढे ठेवला, बोलता बोलता, सहज, भाजीतला खडा काढावा तसा. मी विचारलं, सगळ्यात वाईट काय? त्यांनी यंत्र टेकवलं आणि म्हणाले, हसणं. हसू येतं, पोट हलतं, आवाज येत नाही. पहिलं वर्ष ते म्हणे मुद्दाम विनोद टाळायचे.

परत येताना मी बसमध्ये रडले, लोकांसमोर, आडोसा न घेता. कारण मी तिथे गेले होते तुला सांगायला काहीतरी चांगलं सापडेल म्हणून. तू हसणार आणि तुझा आवाज येणार नाही, हे मला सहन होत नाही, तर तुला कसं होईल? तुझी नात रोज संध्याकाळी बस चालवणाऱ्या मांजरीची गोष्ट मागते, पाच वर्षांची पोर, तिला रुमाल आणि यंत्र कोण समजावणार? त्या मांजरीचं काय करायचं याचं उत्तर माझ्याकडे नाही, दादा. शोधलं. नाही सापडलं. मास्तरांच्या घरून निघताना एवढंच दिसलं की त्यांचा नातू अंगणात सायकलवरून पडला, त्यांनी दोनदा टाळी वाजवली, आणि तो उठून पळत आला. त्याला काय कळलं ते मला नाही कळलं, त्याला कळलं. हे काही फार मोठं नाही, मला माहीत आहे. मी ते वाढवून सांगत नाहीये.

माझं म्हणशील तर माझं गणित सोपं आहे आणि स्वार्थी आहे. मला तू हवा आहेस. बडबडा मिळाला तर उत्तम, नाही तर मुका, यंत्रवाला, चिडका, दिवसभर भिंतीकडे तोंड करून बसणारा, कसाही. सभा संपली की माझी खुर्ची जाणार, मग मला दिवसभर कानात कुणी नसेल. लग्न मी केलं नाही आणि त्याचा पश्चात्ताप मला कधी झाला नाही, कारण माझ्या चौकटीत तू होतास. आता त्या मोठ्या पडद्यावर तुझी जागा आहे, त्यात चित्रही येतं, स्वच्छ येतं, आणि मी काही विचारलं तर एक गुणी पोरगा ‘हो मॅडम’ म्हणतो. मी तालमीत उगाचच घड्याळाकडे बघते, कुणी मला तिकडे वळवत नाही म्हणून.

आता हे पत्र का लिहिलं ते सांगते. फोन केला असता तर तू बोलला असतास. तुझा आवाज बसलाय, खरखरतो, तरी तो तुझाच आहे. तो ऐकून मी विरघळले असते, तू दोन विनोद केले असतेस, मी हसले असते, आणि ‘बरं बाबा, तुला हवं तसं’ म्हणून फोन ठेवून बसले असते. म्हणून या वेळी बोलणारी मी एकटी. सर्जनबाईंनी शुक्रवारपर्यंत पुढच्या आठवड्यातली जागा धरून ठेवलीय, त्यानंतर थांबण्यात अर्थ नाही असं त्यांनी मला स्पष्ट सांगितलंय. शुक्रवारी सकाळी मी तुला व्हिडिओ कॉल करेन. तू काही बोलायचं नाहीस. टोमणा नाही, खाकरणंसुद्धा नाही. तुझा चेहराही दाखवू नकोस, तो बघून माझ्याने विचारवणार नाही. फोनचा कॅमेरा खिडकीबाहेर वळव, समोरचं छप्पर, वाळत घातलेले कपडे, जे असेल ते. चौकट सरळ कशी धरायची ते तुला सांगायला नको. मी एकच प्रश्न विचारेन, तो तुला माहीत आहे. चौकट डावी-उजवी झाली तर मी पुन्हा विचारणार नाही, वहिनीलाही विचारू देणार नाही, रडायचं ते फोन ठेवून रडेन. आणि वर-खाली झाली तर सभा त्या वहीवाल्या बाईच्या हातात देऊन त्याच दुपारच्या गाडीने येते, आणि तुझा चहा वहिनी आणि मी पाळीपाळीने फुंकू. हात थरथरला तर थरथरू दे. माझ्याशिवाय कुणी बघत नाहीये. तुझा दिवा मी विझवलाय, चार. सांग.

तुझीच धाकटी,
मोजणीबाई